मालवणीचा मानकरी
मुंबईच्या नागर रंगभूमीने ज्या बोलीला बहुधा रामा गड्याच्या तोंडी, तीही घटकाभर हशा पिकविण्यापुरती, जागा दिली होती, त्या मालवणीला संपूर्ण नाटकाच्या मध्यभागी सन्मानाने बसविण्याचे श्रेय मुख्यतः ज्या नटाच्या पदरी पडते, तो म्हणजे मालवण तालुक्यातील रेवंडीचा सुपुत्र मच्छिंद्र कांबळी. १९४७ साली जन्मलेल्या या कलावंताला १९८० साली रंगभूमीवर आलेल्या गंगाराम गवाणकरांच्या ‘वस्त्रहरण’मध्ये तात्या सरपंचाची भूमिका लाभली, आणि गावच्या हौशी नाटकमंडळींची तारांबळ चितारणाऱ्या त्या प्रहसनाने पाच हजारांवर प्रयोगांची मजल मारून थेट लंडनपर्यंत आपला अंमल बसविला. एकच भूमिका वर्षानुवर्षे करताना ती यांत्रिक होऊ न देणे, प्रेक्षकांचा कल क्षणार्धात ओळखून संवादाला नवी कलाटणी देणे आणि तरीही नाटकाचा तोल ढळू न देणे, हे दशावताराच्या मुलखात मुरलेले उत्स्फूर्ततेचे सामर्थ्य त्यांच्या अभिनयात पूर्णत्वाने प्रकट झाले. गावच्या देवतेचे नाव धारण करणाऱ्या ‘भद्रकाली’ संस्थेमार्फत निर्मात्याची जोखीमही त्यांनी शिरावर घेतली. ३० सप्टेंबर २००७ रोजी ते निवर्तले. परंतु आपल्या बोलीची लाज वाटण्याचे कारण नाही, हा विश्वास ते कोकणी माणसाला देऊन गेले. तो जतन करावयाचा असेल, तर सिंधुदुर्गातील प्रत्येक घराने मुलांशी मालवणीत बोलावे, हेच त्यांचे खरे स्मारक होय.