बँकांच्या आड दडलेला कारखाना

स्वित्झर्लंडचे नाव निघाले की आपल्याकडच्या बोलण्यात दोन गोष्टी हटकून येतात. एक, यश चोप्रांच्या चित्रपटांतला आल्प्सचा बर्फ. दुसरी, स्विस बँकेतला काळा पैसा. निवडणुकीच्या सभांतून ही दुसरी गोष्ट इतक्यांदा सांगितली गेली आहे की तिच्याविषयी शंका घ्यावी असे आता कुणाच्या मनातही येत नाही. जगभरच्या करचुकव्यांनी दडवलेला पैसा, त्यावर पोसलेल्या बँका, दोन्ही महायुद्धांपासून अलिप्त राहून वाचवलेली मालमत्ता आणि वर जेमतेम नव्वद लाखांची आटोपशीर लोकसंख्या, असा या देशाच्या श्रीमंतीचा उलगडा बहुतेक जण करतात.

या पूर्वपक्षात तथ्याचा अंश आहे, म्हणूनच त्याचा समाचार नीट घ्यायला हवा. तो जसाच्या तसा मान्य केला, तर श्रीमंती नशिबाने किंवा लबाडीने येते आणि अशा देशाकडून घेण्यासारखे काही नसते, हाच निष्कर्ष उरतो. हा निष्कर्ष चुकीचा आहे. स्वित्झर्लंड आधी कारखानदारांचा देश झाला, सावकारांचा नंतर. आणि आजही त्याचा कणा कारखान्यातच आहे.

पहिला मुद्दा बँकांचा. बँका आणि विमा कंपन्या मिळून देशाच्या उत्पन्नात साधारण दहावा हिस्सा घालतात. कारखानदारीचा वाटा त्याच्या जवळपास दुप्पट आहे. २०२४ साली सोने वगळून सुमारे २८० अब्ज फ्रँकचा माल देशाबाहेर गेला. त्यात निम्म्याहून अधिक वाटा औषधे आणि रसायनांचा होता. त्यामागे यंत्रे आणि विद्युत उपकरणे, मग घड्याळे, मग मोजमापाची व वैद्यकाची सूक्ष्म उपकरणे. ज्या चॉकलेटवरून हा देश ओळखला जातो, त्याची निर्यात या रकमेत टक्काभरही भरत नाही.

कालक्रमही हेच सांगतो. झ्युरिकची एशर विस ही कंपनी १८०५ साली सूत कातू लागली आणि पुढे स्वतःच यंत्रे घडवू लागली. विंटरथुरची झुल्झर १८३४ची. क्रेडिट स्विस ही बँक मात्र १८५६ साली जन्मली, आणि आल्फ्रेड एशर यांनी ती काढली ती रेल्वेला भांडवल पुरवण्यासाठी. याच एशर यांनी झ्युरिकच्या पॉलिटेक्निकसाठी, म्हणजे आजच्या ई.टी.एच.साठी, जोर लावला आणि आल्प्स भेदणाऱ्या गॉटहार्ड रेल्वेचा पाठपुरावा केला. बँकांच्या गुप्ततेला फौजदारी कायद्याचे कवच मिळाले ते १९३४ साली. तोवर स्विस यंत्रे, रंग आणि घड्याळे जगभर पोचून कित्येक दशके लोटली होती.

ते कवचही आता उरलेले नाही. परदेशी खातेदारांची माहिती आपोआप कळवण्याची पद्धत २०१८ पासून सुरू झाली; भारताला पहिली माहिती २०१९ साली मिळाली. मार्च २०२३ मध्ये तर खुद्द क्रेडिट स्विस कोसळली आणि यूबीएस या दुसऱ्या स्विस बँकेने ती ताब्यात घेतली. श्रीमंतीचा पाया गुप्त खात्यांचा असता, तर या दोन धक्क्यांत देश खचायला हवा होता. तसे झाले नाही.

दुसरा मुद्दा तटस्थतेचा. युद्धात बाँब पडले नाहीत याचा फायदा झाला, हे कोण नाकारेल? पण दुसऱ्या महायुद्धात स्पेन आणि पोर्तुगालही अलिप्त होते, आणि युद्धानंतर कित्येक वर्षे ते पश्चिम युरोपातले गरीब देशच राहिले. उलट बेल्जियम आणि नेदरलँड्स जर्मन फौजांच्या टाचांखाली भरडले गेले, तरी ते पुन्हा समृद्ध झाले. युद्ध टळले तर असलेली कारखानदारी वाचते, नसलेली निर्माण होत नाही.

तिसरा मुद्दा आकाराचा. महाराष्ट्राच्या सातव्या हिश्श्याहूनही लहान असलेल्या देशाला सगळे सोपे जाते, हे म्हणणे उलटे आहे. या देशाला समुद्र नाही, सांगण्याजोगा कोळसा नाही, लोखंड नाही आणि पिकाऊ जमीनही थोडी. १८१६-१७च्या दुष्काळात इथली माणसे उपाशी मेली. शतकानुशतके इथले तरुण परक्या राजांच्या सैन्यात भाडोत्री शिपाई म्हणून जात. एकोणिसाव्या शतकात हजारो कुटुंबे ब्राझील आणि अमेरिकेला निघून गेली. घरची बाजारपेठ चिमुकली असल्यामुळे जे काही करायचे ते बाहेर विकण्यासाठीच करावे लागले.

त्याचा एक धागा थेट मुंबईला येऊन मिळतो. १८५१ साली फोल्कार्ट बंधूंनी आपली पेढी एकाच वेळी विंटरथुर आणि मुंबई या दोन ठिकाणी उघडली. समुद्र नसलेल्या देशातल्या एका गावच्या व्यापाऱ्यांनी भारतीय कापूस युरोपात नेला आणि युरोपातली यंत्रे इकडे आणली. १९५४ साली याच फोल्कार्ट आणि टाटांनी मिळून ‘व्होल्टास’ काढली. मराठी घरांतल्या वातानुकूलन यंत्रावर आजही त्या पेढीच्या नावाची आद्याक्षरे आहेत.

चौथा मुद्दा अर्थशास्त्राच्या भाषेत मांडला जातो, म्हणून तो वजनदार वाटतो. चलन महागले की निर्यात मरते, असे आपल्याकडे ठामपणे सांगितले जाते. रुपया घसरला की निर्यातदारांना दिलासा मिळाल्याच्या बातम्या येतात. १९७०च्या सुमारास एका डॉलरला चार फ्रँकहून अधिक मिळत. आज एक फ्रँकही पुरता मिळत नाही. १५ जानेवारी २०१५ रोजी तिथल्या मध्यवर्ती बँकेने युरोला १.२० फ्रँकची खालची मर्यादा अचानक काढून टाकली, तेव्हा काही मिनिटांत फ्रँक उसळला आणि परदेशी गिऱ्हाइकांसाठी प्रत्येक स्विस वस्तू महागली. त्या वर्षी निर्यात थोडी घटली. पुढच्याच वर्षी ती पुन्हा चढू लागली. अनेक कारखान्यांनी कामाचे तास वाढवले, काही जुळणी देशाबाहेर नेली आणि जे दुसऱ्या कुणाला सहज जमणार नाही त्यावर आणखी भर दिला. स्वस्ताईच्या शर्यतीत न उतरणाऱ्या मालाला महाग चलन सोसते.

आता पूर्वपक्षातला सर्वांत धारदार आक्षेप. स्विस उद्योगाने इतरांचे शोध चोरले, हा तो आक्षेप, आणि तो खरा आहे. १८८८पर्यंत देशाला एकस्वाचा (पेटंटचा) संघीय कायदाच नव्हता; रसायनांच्या प्रक्रियांना संरक्षण मिळायला १९०७ उजाडले. फ्रान्समध्ये एका कंपनीने फुक्सिन या रंगावर मक्तेदारी मिळवली, तेव्हा तिथले रंग बनवणारे ऱ्हाईनकाठच्या बाझेलला आले. आजच्या अवाढव्य औषध कंपन्यांची मुळे त्याच रंगाच्या भट्ट्यांत आहेत. तेच बाझेल पुढे एकस्वाच्या हक्कांसाठी जगभर भांडू लागले. नोव्हार्टिसने ग्लिव्हेक या कर्करोगावरच्या औषधासाठी भारताशी लढा दिला आणि १ एप्रिल २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो दावा फेटाळला. स्वतःच्या बालपणी जी मोकळीक घेतली ती इतरांना नाकारायची, हे अन्याय्य आहे आणि तसे स्पष्ट म्हटले पाहिजे.

डागांची यादी इथे संपत नाही. इटली, स्पेन, पोर्तुगालहून आणलेल्या हंगामी मजुरांना बायकामुले सोबत आणायला बंदी होती. ती व्यवस्था शेवटी २००२ साली गेली. तरीही या डागांतून यशाचे कारण सापडत नाही. नक्कल पुष्कळ देशांनी केली; पण नक्कल करता करता मूळ कारागिराच्या पुढे जायला शिकलेले हात लागतात. ते कुठून आले, हा खरा प्रश्न आहे.

त्याचे उत्तर शाळा आणि कारखाना यांच्या जोडणीत आहे. सक्तीचे शिक्षण संपले की साधारण पंधरा-सोळाव्या वर्षी स्वित्झर्लंडमधली सुमारे दोनतृतीयांश मुले व्यवसायशिक्षणाकडे वळतात, आणि त्यांतली बहुतेक शिकाऊ उमेदवार म्हणून कामाला लागतात. आठवड्यातले तीन-चार दिवस कारखान्यात, कचेरीत किंवा दुकानात, उरलेले एक-दोन दिवस शाळेत. काम करताना पगार मिळतो. उमेदवारी बहुधा तीन किंवा चार वर्षांची. दोनशेहून अधिक व्यवसायांसाठी अभ्यासक्रम ठरलेले आहेत आणि ते ठरवताना त्या त्या धंद्यातल्या संघटना, राज्ये आणि केंद्र सरकार एकत्र बसतात. त्यामुळे कालबाह्य यंत्रावर शिकून बाहेर पडलेला, कुणालाच नको असलेला पदवीधर तिथे क्वचित आढळतो.

पण उमेदवारीचे मोल फक्त कौशल्यात नाही. ती वाट पुढे बंद होत नाही, यात आहे. १९९०च्या दशकात व्यावसायिक शालान्त परीक्षेची सोय झाली. ती देऊन यंत्रकामगार उपयोजित विज्ञानाच्या विद्यापीठात जातो आणि अभियंता होऊन त्याच कारखान्यात परततो. यूबीएसचे प्रमुख सेर्जिओ एर्मोत्ती यांनी सुरुवात लुगानोच्या एका बँकेत शिकाऊ उमेदवार म्हणून केली. जिथे लेथवर काम शिकणे म्हणजे आयुष्यात मागे पडणे नव्हे, तिथे हुशार मुलेही लेथकडे जातात.

या हातांनी देशाने काय घडवले, ते दुकानाच्या काचेत दिसत नाही, कारण त्यांचा बराचसा माल दुसऱ्या कारखान्यांनाच विकला जातो. झाखसेल्न या लहानशा गावातल्या मॅक्सन कंपनीच्या अकरा मोटरी १९९७ साली मंगळावर उतरलेल्या ‘सोजर्नर’ गाडीत होत्या. उत्स्विलच्या ब्यूलर कंपनीची दळणयंत्रे जगभरच्या पिठाच्या गिरण्यांत चालतात. विंटरथुरची रीटर कंपनी १७९५ची. तिची सूतकताईची यंत्रे आज सातारा जिल्ह्यात शिरवळजवळच्या विंग गावीही बनतात.

उस्टर गावाची कहाणी तर मुद्दाम सांगण्याजोगी आहे. २२ नोव्हेंबर १८३२ रोजी तिथल्या हातमाग विणकरांनी पोटावर पाय येणार या भीतीने यंत्रमागाची नवी गिरणी जाळली. पुढे त्याच गावात सुताचा दर्जा मोजणारी उपकरणे बनू लागली, आणि आज जगभरच्या सूतगिरण्या आपले सूत ‘उस्टर’च्या कोष्टकांशी ताडून पाहतात. मधल्या काळात हा राग नुसता दडपला गेला नाही, त्याला कायद्यातून वाट मिळाली. १८७७च्या कारखाना कायद्याने चौदा वर्षांखालच्या मुलांना कारखान्यात बंदी केली आणि कामाचा दिवस अकरा तासांवर आणला. १९३७ साली यंत्रउद्योगातल्या मालक आणि कामगार संघटनांनी करार करून संप व टाळेबंदीऐवजी वाटाघाटीची आणि लवादाची रीत पत्करली.

बाहेरच्या माणसाला सामावून घेणे हे या देशाचे आणखी एक बलस्थान. घड्याळाची कला फ्रान्समधून छळामुळे पळून आलेल्या ह्यूगनो कारागिरांनी वाढवली. आंरी नेस्ले फ्रँकफर्टचे. बाडेनच्या ब्राऊन बोव्हेरीतले वॉल्टर बोव्हेरी बांबेर्गचे. आणि बुडत्या घड्याळ उद्योगाला तारणारे निकोलस हायेक मूळचे बैरुतचे.

त्या बुडण्याचा आणि तरण्याचा इतिहास या लेखातल्या प्रत्येक मुद्द्याची कसोटी आहे. क्वार्ट्‌झच्या मनगटी घड्याळाचा नमुना नशातेलच्या संशोधन केंद्रात १९६७ साली तयार होता. पण बाजारात ते पहिल्यांदा आणले जपानच्या सेइकोने, १९६९च्या नाताळात. आपल्या चाकांवर आणि कमानींवर भाळलेल्या स्विस मालकांनी स्वतःच्याच शोधाकडे पाठ फिरवली. १९७०च्या सुमारास नव्वद हजारांच्या घरात असलेले कामगार पुढच्या पंधरा वर्षांत तीस हजारांवर आले. तेव्हा कुठलीही गुप्त खाती या उद्योगाच्या मदतीला धावली नाहीत. एर्न्स्ट टोमके यांच्या हाताखालच्या अभियंत्यांनी एक्कावन्न भागांचे प्लास्टिकचे घड्याळ घडवले, आणि मार्च १९८३ मध्ये ‘स्वॉच’ बाजारात आले. बँकांनी कर्जबाजारी कंपन्या एकत्र केल्या, हायेक यांनी त्यांची सूत्रे हाती घेतली. आज हा उद्योग पुन्हा साठ हजारांहून अधिक लोकांना काम देतो.

या रचनेला धोका नाही असे नाही. निम्मी निर्यात औषध-रसायनांवर टेकली आहे आणि अमेरिका हे मोठे गिऱ्हाईक आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये अमेरिकेने स्विस मालावर ३९ टक्के आयातशुल्क लादले तेव्हा यंत्रे आणि घड्याळे बनवणाऱ्या गावांना त्याची झळ लागली. नोव्हेंबरात १५ टक्क्यांवर समझोता झाला. निर्यातीवर जगणाऱ्या लहान देशाला मोठ्या गिऱ्हाइकाच्या लहरीची किंमत मोजावी लागते.

हे सारे आपल्याला आज विचारात घ्यावे लागते, कारण स्वित्झर्लंड, नॉर्वे, आइसलँड आणि लिख्टेनस्टाईन या चार देशांशी भारताने १० मार्च २०२४ रोजी केलेला व्यापार करार १ ऑक्टोबर २०२५ पासून अमलात आला आहे. पंधरा वर्षांत १०० अब्ज डॉलर गुंतवणूक आणि दहा लाख रोजगार हे त्याचे घोषित उद्दिष्ट. आपल्याकडची चर्चा मात्र घड्याळे आणि चॉकलेट किती स्वस्त होतील याभोवतीच फिरली. महाराष्ट्राने आणि गोव्याने या कराराकडे वेगळ्या नजरेने पाहायला हवे. स्विस कंपन्या इथे नवख्या नाहीत. सातारा जिल्ह्यात रीटर आहे, फोंड्यात नेस्ले आहे. नव्या गुंतवणुकीचे करार करताना राज्य सरकारांनी जमीन आणि वीज सवलतीत देण्याच्या बदल्यात एक अट लेखी घालावी: प्रत्येक कारखान्यात शिकाऊ उमेदवारांचा वर्ग चालेल, त्यात आसपासच्या आय.टी.आय.ची मुले-मुली तीन वर्षे पगारावर शिकतील आणि त्या प्रमाणपत्रावर त्यांना पदवीच्या शिक्षणाचे दार उघडे राहील. भारतात शिकाऊ उमेदवारीचा कायदा १९६१ पासून आहे, त्यामुळे यासाठी नव्या कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही.