कंठाला लागलेली मुळी

आमच्या महाविद्यालयात एम. ए.च्या दुसऱ्या वर्षाला असलेला एक विद्यार्थी चाकणच्या एका व्हेंडर कंपनीत सेकंड शिफ्ट करतो आणि सकाळी तासांना बसतो. लघुप्रबंधासाठी त्याने विषय मांडला : 'मराठी अद्भुतातील घातक वनस्पती'. मुख्य संहिता म्हणून त्याने एकनाथांच्या गाथेतील तो प्रसिद्ध अभंग निवडला, ज्यात ज्ञानदेव स्वप्नात येऊन सांगतात की अजानवृक्षाची मुळी आपल्या गळ्याला लागली आहे, आळंदीस येऊन ती काढावी. विषय निश्चित करणाऱ्या समितीने (कोणत्या, ते सांगण्याचे कारण नाही) प्रस्ताव परत पाठवला. शेरा दोन ओळींचा होता. अभंग संतसाहित्यातला आहे, तेव्हा मुळीचा अभ्यास 'रूपक' म्हणून करावा. ते नको असेल तर आख्यायिका म्हणून लोकसाहित्याकडे जावे. 'अद्भुत' ही कोटी येथे लागू होत नाही.

हा लेख त्या शेऱ्याच्या विरोधात आहे. काही अंशी तो आमच्याही विरोधात आहे, कारण गेली पंधरा-सोळा वर्षे वर्गात आम्ही हेच सांगत आलो आहोत : कंठ म्हणजे ज्ञानेश्वरी, मुळी म्हणजे तिच्यात शिरलेले अपपाठ, मुळी काढणे म्हणजे पाठशुद्धी. विद्यार्थी हे समीकरण उतरवून घेतात, उत्तरपत्रिकेत लिहितात आणि पाचपैकी चार गुण मिळवतात. मुळीचे काय झाले, हे कुणी विचारत नाही.

अभंगात काय आहे ते आधी पाहू. स्वप्न आहे. स्वप्नात येणारा पुरुष तेजस्वी, देखणा आणि बोलणारा आहे. समाधी घेऊन तीन शतके होत आलेल्या कुणाची ती छाया नाही. त्याच्या गळ्याला झाडाचे मूळ लागले आहे आणि तो मदत मागतो आहे. ऐकणारा पैठणहून आळंदीला येतो तेव्हा त्याला समाधीचे दार सापडते ते नदीच्या मध्यात. यात ज्ञानेश्वरीच्या पोथीचा उल्लेख नाही, पाठभेदाचा नाही, लेखनिकांच्या चुकांचाही नाही. नाथांनी ज्ञानेश्वरीची प्रत शके 1506 मध्ये, म्हणजे 1584 साली शुद्ध केली, हे खरे. आळंदीचे येणे आणि प्रतिशुद्धी हे प्रसंग परंपरेने एकमेकांशेजारी ठेवले, हेही खरे. पण शेजारी ठेवणे निराळे आणि एकाला दुसऱ्याचा अर्थ करून टाकणे निराळे.

शिवाय नाथांना अपपाठांबद्दल बोलायचे होते तेव्हा ते उघडपणे बोललेच आहेत. शुद्ध प्रतीच्या अखेरीस ते बजावतात की ज्ञानेश्वरीच्या पाठात जो आपली ओवी घालील त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असे समजावे. किती नेमकी आणि घरगुती प्रतिमा! ताट, त्यात नारळाची रिकामी कवटी. भ्रष्ट पाठासाठी ज्या कवीजवळ इतकी चपखल प्रतिमा तयार होती त्याने त्याच गोष्टीसाठी जमिनीखाली जिवंत बसलेला पुरुष, त्याच्या गळ्याशी आलेले मूळ आणि नदीतले दार एवढा संभार का मांडावा? 'मुळी म्हणजे अपपाठ' म्हणणाऱ्यांकडून या प्रश्नाचे उत्तर आम्हाला हवे आहे. आम्ही ते स्वतःलाही विचारून पाहिले, मिळाले नाही.

आता झाडाविषयी. आळंदीच्या समाधिमंदिराच्या आवारातला अजानवृक्ष वनस्पतिशास्त्रात एहरेशिया लेव्हिस या नावाने ओळखला जातो. मराठीत त्याला दातरंग असेही म्हणतात. झाड विषारी नाही. भाविक त्याच्या छायेत बसून पारायण करतात, त्याला वंद्य मानतात. ज्ञानदेवांनी रोवलेल्या योगदंडालाच पालवी फुटली आणि हे झाड झाले, असेही सांगणारे आहेत. ही कथा अभंगाशेजारी ठेवली तर काय दिसते? ज्याच्या हातातल्या काठीचे झाड झाले, त्याच झाडाचे मूळ तीनशे वर्षे जमिनीतून सरकत त्याच्या गळ्यापर्यंत पोचले. झाडात दुष्टपणा नाही. झाड वाढते, मूळ ओल शोधत जाते, आणि वाटेत एका कवीचा कंठ येतो. पवित्र आणि घातक असे एकाच वेळी असलेले झाड ज्या वाङ्मयात आहे, त्या वाङ्मयाला अद्भुताची कोटी लागू होत नाही म्हणे!

आमचे विद्यार्थी मँड्रेक ओळखतात. हॅरी पॉटरच्या दुसऱ्या पुस्तकात (1998) ती रोपे कुंड्या बदलताना किंचाळतात, म्हणून मुले कानांवर झाकणे लावून तासाला उभी राहतात; पूर्ण वाढलेल्या मँड्रेकची किंकाळी ऐकणारा मरतो, आणि तेच झाड दगड झालेल्यांना परत माणसात आणते. लेखिकेने हे हवेतून काढलेले नाही. माणसाच्या आकाराचे मूळ, उपटताना फुटणारी किंकाळी, म्हणून कुत्र्याला दोरीने बांधून त्याच्याकरवी ते उपटून घेणे, या समजुती युरोपातल्या जुन्या वनस्पतिग्रंथांतून शतकानुशतके चालत आलेल्या आहेत. (आमच्या पिढीला मँड्रेक ठाऊक होता तो इंद्रजाल कॉमिक्समधला जादूगार म्हणून. त्या नावाचे एक झाड आहे, हे आम्हाला नोकरी लागल्यानंतर कळले.) त्या झाडाचे कूळ धोतऱ्याचे. वांगे, बटाटा, टोमॅटो हेही त्याच कुळातले. चाकणच्या एमआयडीसीतल्या रस्त्याकडेला, कंपनीच्या भिंतीला लागून, पांढरी कर्ण्यासारखी फुले आणि काटेरी बोंडे घेऊन उभा असलेला धोतरा हा मँड्रेकचा चुलतभाऊच. भूल पाडणारी तशाच जातीची द्रव्ये दोघांतही आहेत. आपण तो शंकराला वाहतो आणि मुलांना त्याला हात लावू देत नाही.

मँड्रेक आणि अजानवृक्ष यांची तुलना आमच्या विद्यार्थ्याने प्रस्तावात एका परिच्छेदात केली होती. त्याचे म्हणणे असे : तिकडे माणूस मुळाला ओढतो आणि मूळ ओरडते, इकडे मूळ माणसाला धरते आणि माणसाचा आवाज बंद होऊ लागतो. तिकडे भीती आहे ती किंकाळीची, आणि इकडे ती मुके होण्याची. मराठी कवितेच्या उगमाशी बसलेल्या कवीच्या बाबतीत याहून मोठे भय कोणते असू शकेल? या परिच्छेदासमोर समितीतल्या कुणीतरी शिसपेन्सिलीने प्रश्नचिन्ह काढले होते.

अर्थात रूपक नाकारण्याचा आमचा हेतू नाही. रूपकाची किंमत कशी चुकवायची असते ते ज्ञानदेवांनीच दाखवून दिले आहे. पंधराव्या अध्यायातला ऊर्ध्वमूळ अश्वत्थ पाहा. गीतेत हे झाड दोन श्लोकांत वाढते आणि तिसऱ्यात असंगशस्त्राने तोडलेही जाते. ज्ञानदेव त्याच्यासाठी शंभराहून अधिक ओव्या खर्च करतात. मूळ वर, पसारा खाली, फांद्यांना पुन्हा खाली फुटणारी मुळे, विषयांची कोवळी पालवी. झाड क्षणाक्षणाला नाहीसे होते आणि क्षणाक्षणाला होते, म्हणूनच ते कायमचे वाटते; वेगात फिरणारा भोवरा जमिनीला खिळल्यासारखा दिसावा तसे. आणि हे सगळे वाचकाच्या डोळ्यांपुढे उभे करून झाल्यावर ते सांगतात की झाड मुळात नाहीच. ढगांतला किल्ला, सशाचे शिंग, आकाशाचे फूल यांच्या पंक्तीतली ही वस्तू; तिच्यावर कुऱ्हाड कशी चालवायची? खोटे म्हणून सोडून द्यायच्या झाडाला त्यांनी पानापानाने वाढवले, कारण न पाहिलेले झाड कुणाला सोडता येत नाही. आमच्या तासांत मात्र 'अश्वत्थ म्हणजे संसार' हे पहिल्याच मिनिटाला सांगून होते. मग त्या ओव्या वाचायच्या कशाला? विद्यार्थी वाचत नाहीत, आणि त्यांचे काही चुकते असे आम्हाला वाटत नाही.

ही घाई कुठून आली? आमचा संशय आपल्या वाङ्मयेतिहासाच्या शिडीवर आहे. पाठ्यपुस्तकांत मराठी कादंबरीची कथा ठरलेली असते. बाबा पदमनजींची 'यमुनापर्यटन' (1857) होते, मग हळब्यांची 'मुक्तामाला' (1861) आणि रिसबुडांची 'मंजुघोषा' (1868) येतात, त्यांना 'अद्भुतरम्य' असा शिक्का बसतो, आणि मग हरिभाऊ आपटे येऊन कादंबरीला वास्तवाच्या जमिनीवर आणतात. अद्भुत म्हणजे बालपण, वास्तव म्हणजे जाणतेपण. हरिभाऊंच्या थोरवीबद्दल वाद नाही. पण या शिडीमुळे मराठीच्या प्राध्यापकाला झाड दिसले की त्याखाली काहीतरी 'गंभीर' शोधल्याशिवाय चैन पडेनासे झाले. नारायण धारपांसारखा लेखक अभ्यासक्रमाच्या दारातच राहिला. 'तुंबाड' हा चित्रपट 2018 साली आला, त्याच्या प्रेरणांत धारपांची एक कथा होती. त्यातल्या मरू न शकणाऱ्या म्हातारीच्या देहातून झाड उगवते आणि तिचे काळीज त्या मुळांच्या जाळ्यात धडधडत राहते. 2024 मध्ये तो चित्रपट पुन्हा लागला तेव्हा आमचे विद्यार्थी तो पाहून आले आणि आठवडाभर त्या झाडाबद्दलच बोलत होते. त्यांच्यापैकी अनेकजण दर कार्तिकीला आळंदीला जातात. या दोन झाडांचा एकमेकांशी काही संबंध असू शकतो, असे एकालाच वाटले, आणि त्याचा प्रस्ताव परत आला.

समितीच्या बाजूने दोन आक्षेप आमच्या कानावर आले. एकाचे म्हणणे, समाधीच्या प्रसंगाला 'अद्भुत' म्हटले तर वारकऱ्यांच्या भावना दुखावतील. आमचा अनुभव उलट आहे. हा प्रसंग आम्ही लहानपणी कीर्तनात ऐकला. कीर्तनकारबुवा मुळीवर आले की मागे झांजा थांबत, आणि बुवा स्वतःच्या गळ्याला हात लावून पुढचे वाक्य बोलत. समोर बसलेल्या म्हाताऱ्यांचे हातही नकळत गळ्याकडे जात. त्या मंडपात मूळ हे मूळच होते, आणि त्यामुळे कुणाची श्रद्धा उणावली नाही. भावनांची काळजी वाहणाऱ्यांनी निदान एकदा मंडपात बसावे. दुसरा आक्षेप विवेकवादी मित्रांचा : अशा कथा कथा म्हणूनही वर्गात रंगवल्या तर अंधश्रद्धेला बळ मिळते. हे मित्र आमच्या जवळचे आहेत, म्हणून स्पष्ट बोलतो. मँड्रेकची किंकाळी वाचून कुणी कानांवर झाकणे लावून कुंडी बदलत नाही. कथेला कथा म्हणून ओळखण्याची सवय वाचूनच लागते, आणि ती लागू न देता मुलांना थेट अर्थाकडे ढकलले तर 'याचा खरा अर्थ मी सांगतो' म्हणणाऱ्या कुणाच्याही मागे जायला ती तयार होतात.

हा वाद आम्हाला याच पट्ट्यात राहून करावासा वाटतो, याला कारण आहे. पिंपरी हे झाडाचे नाव, आणि चिंचवडात तर चिंच आणि वड अशी दोन झाडे आहेत. पिंपळावरचा मुंजा, चिंचेवरची हडळ ज्या आज्यांना माहीत होती, त्यांची नातवंडे आता आमच्यासमोर बसतात. निम्मी मराठवाड्यातून, विदर्भातून आलेल्या कामगारांची. त्यांच्याकडे झाडांच्या गोष्टी आहेत. एकीने लिहून दिले होते की एमआयडीसीने घेतलेल्या आणि वर्षानुवर्षे पडून राहिलेल्या त्यांच्या रानात गाजरगवत माजले, आणि आजी म्हणायची की जमीन सरकारने घेतली नाही, ती या गवताने गिळली. गाजरगवताची भारतातली पहिली ठळक नोंद 1955 साली पुण्याचीच. ते अंगाला लागले की पुरळ उठते, दमा चाळवतो, आणि आपल्या आसपास ते दुसरे काही नीट वाढू देत नाही. आम्ही त्या मुलीच्या वहीत 'भूसंपादनाचे प्रभावी रूपक' असा शेरा मारला होता. आज तो वाचताना संकोच वाटतो. आजीला रूपक सुचले नव्हते. तिला गवत दिसत होते.

एरवी आपल्या गद्यात घातक वनस्पती उरली आहे ती 'विषवल्ली' या एका शब्दात. जातीयतेची विषवल्ली, भ्रष्टाचाराची विषवल्ली. अग्रलेखात ती दर पंधरवड्याला फोफावते आणि समूळ उपटून टाकण्याचे आवाहन होते. तिचे पान कसे, फूल कसे, ती कशावर चढते, हे लिहिणाऱ्याने कधी मनाशी आणलेले नसते.

मधल्या काळात आम्ही त्या विद्यार्थ्याबरोबर एका रविवारी मोशीवरून आळंदीला जाऊन आलो. अजानवृक्षाखाली पारायण चालू होते. घाटावर उभे राहून नाथांना दार दिसले ती जागा कोणती असेल याचा अंदाज करत राहिलो. अलीकडे काही वर्षे याच पात्रावर कारखान्यांच्या सांडपाण्याचा पांढरा फेस तरंगताना सगळ्यांनी पाहिला आहे, त्या दिवशी तो नव्हता. विद्यार्थ्याची शिफ्ट तीनला होती, म्हणून आम्ही लवकर निघालो.

त्याचा लघुप्रबंध अखेर लोकसाहित्याच्या अभ्यासपत्रिकेत दाखल झाला. शीर्षकातला 'अद्भुत' हा शब्द काढावा लागला. पहिल्या प्रकरणाचे नाव त्याने 'नदीतले दार' असेच ठेवले आहे, आणि ते बदलायला आम्ही सांगितलेले नाही.