बिलात न मांडलेली वेळ

मोबाइलच्या टॉवरविषयी आपल्याकडे गेल्या पंचवीस-तीस वर्षांत पुष्कळ बोलले गेले आहे. चिमण्या त्याच्यामुळे गेल्या की काय, मुलांच्या मेंदूवर परिणाम होतो की काय, गच्चीचे भाडे सभासदांत वाटायचे की दुरुस्ती निधीत टाकायचे, अशा प्रश्नांनी सोसायट्यांच्या सभा रात्री बारापर्यंत चालल्या. लोकांच्या धास्तीला जोर होता. १ सप्टेंबर २०१२ पासून सरकारने टॉवरच्या रेडिएशनची मर्यादा आंतरराष्ट्रीय मर्यादेच्या एक दशांशावर आणली. हे सारे झाले ते टॉवरखाली राहणाऱ्यांसाठी. त्याच टॉवरवर, त्याच अँटेनापासून हातभर अंतरावर एक मुलगा काम करत असतो. तो अँटेनासमोर जाण्यापूर्वी तेवढे प्रक्षेपण बंद केले होते का, हा प्रश्न मी एकाही सभेत ऐकलेला नाही. तो कशाला बांधलेला होता, हा तर नाहीच.

या मुलाला धंद्यात रिगर म्हणतात. तो अँटेना चढवतो, तिचा रोख साधतो, आणि त्याहून कष्टाचे काम म्हणजे केबल वर नेऊन बांधतो. केबल बांधणे हे खालून पाहणाऱ्याला किरकोळ वाटते. परंतु जुन्या पद्धतीची जाड केबल मीटरला सुमारे अर्धा किलो भरते. चाळीस मीटर उंचीला एकेक केबल वीस किलोंची, आणि अशा सहा असल्या तर एकशे वीस किलोंचे ओझे. ते वरच्या जोडावर लोंबकळत ठेवले तर जोड ओढला जातो, वाऱ्याने केबल लोखंडावर घासते, साल फाटून पाणी आत शिरते. म्हणून टॉवरच्या अंगाने शिडीसारखी केबल ट्रे जाते आणि तिच्यावर ठरावीक अंतराने क्लॅम्प बसतात. वजन प्रत्येक क्लॅम्पने थोडेथोडे उचलायचे. खाली खोलीत शिरण्यापूर्वी केबलला एक झोळ द्यायचा, म्हणजे पावसाचे पाणी तिथेच ठिबकते. हा झोळ ज्याने शोधला त्याला कोकणातला पाऊस ठाऊक असावा, असे मला उगीच वाटते.

आता गोम अशी की ही ट्रे शिडीसारखी दिसते, म्हणून तिला शिडीसारखे वापरले जाते. हात पुरतो तिथे ती असते. हूक अडकवायला तिचा गज सोयीचा. पण ती केबलचे स्थिर वजन पेलण्यासाठी केलेली. दोन मीटर पडलेल्या माणसाचा झटका त्याच्या वजनाच्या कितीतरी पट असतो; तो ट्रेच्या बोल्टांनी घ्यावा, असा हिशेब कोणीही केलेला नसतो. हूक लावायचा तो टॉवरच्या भक्कम अँगलला. हूक दोन हवेत. एक सुटतो तेव्हा दुसरा लागलेला असला पाहिजे, चढताना, सरकताना आणि उतरतानाही. कमरेचा पट्टा उपयोगाचा नाही. पडताना तो सारा झटका पोटावर आणि कण्यावर घेतो आणि माणूस त्यातून निसटूही शकतो. खांदे, छाती, मांड्या यांना धरणारा अंगभर हार्नेस लागतो, आणि त्याच्या दोराला झटक्यासरशी टाके उसवत जाऊन जोर जिरवणारी घडी लागते.

एवढे असूनही काम संपत नाही. हार्नेसमध्ये निश्चल लोंबकळणाऱ्या माणसाचे रक्त पायांत साचत जाते. काही मिनिटांतच धोका सुरू होतो. अग्निशमन दलाची गाडी डोंगरमाथ्यावरच्या टॉवरपर्यंत पोहोचेतो वाट पाहणे परवडत नाही. त्याला खाली आणायचा दोर आणि तो वापरता येणारा दुसरा माणूस तिथेच असावा लागतो. चाळीस मीटरवरून पडायला तीन सेकंदही लागत नाहीत आणि जमिनीवर वेग ताशी शंभर किलोमीटरच्या घरात असतो. तयारीला वेळ मिळतो तो चढण्यापूर्वीच.

आणि नेमकी हीच वेळ कोणी विकत घेत नाही. बँकेत असताना छोट्या कंत्राटदारांच्या कॅश क्रेडिटच्या फाइली माझ्या टेबलावरून जात. टॉवरची कामे घेणारेही त्यांत असत. सोबत जोडलेली वर्क ऑर्डर मी आवडीने वाचत असे. कादंबरी लिहिणाऱ्याला अशा कागदांत माणसे सापडतात. क्लॅम्प इतके नग, ट्रे इतके मीटर, अर्थिंग किट इतके नग, प्रत्येकाला दर. सुरक्षेची साधने मात्र 'दरात समाविष्ट' या दोन शब्दांत आटोपलेली. मोबाइल कंपनी, टॉवर कंपनी, कंत्राटदार, पोटकंत्राटदार असे काम खाली येते आणि प्रत्येक पायरीवर दर कापला जातो. लोखंड कापता येत नाही, कारण ते मोजून घेतात. उरते ती वेळ. पोराला पैसे साइटमागे मिळतात. दोन हूक पाळीपाळीने लावत चढणारा दिवसात एक साइट करतो, तर न लावणारा दोन. १ ऑक्टोबर २०२२ ला फाइव्ह-जीचा प्रारंभ झाल्यावर जी घाई उसळली, तिच्यात हे गणित कोणाच्या बाजूने गेले असेल, ते सांगायला नको.

ही साखळी केवळ आपली नाही. अमेरिकेत २०१३ मध्ये टॉवरवरच्या कामात १३ जण दगावले, आधीच्या दोन वर्षांच्या एकत्रित संख्येहूनही अधिक. तेव्हा तिथल्या कामगार सुरक्षा खात्याचे प्रमुख डेव्हिड मायकेल्स यांनी फेब्रुवारी २०१४ मध्ये या धंद्यातल्या मालकांना पत्रच लिहिले. त्यांचा रोख कंत्राटदारांच्या निवडीवरही होता.

आपल्याकडे कायदा नव्हता असे नाही. १९९६ च्या बांधकाम कामगार कायद्यात दूरध्वनीची कामे आणि टॉवर स्पष्ट नावानिशी होते. पण तो दहा किंवा अधिक कामगारांच्या आस्थापनेला लागू. २०२० ची व्यावसायिक सुरक्षा संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली, तिचे कंत्राटी कामगारांविषयीचे प्रकरण पन्नासांपासून सुरू होते. टॉवरवर जाते ती तीन-चार पोरांची टोळी. पोटकंत्राटदाराने 'माझ्याकडे एवढी माणसेच नाहीत' म्हटले की मोजणी कोणाच्या दारात करायची, यावर वाद घालत बसावे लागते.

म्हणून मागणी साधी आहे. वर्क ऑर्डरमध्ये सुरक्षेचा स्वतंत्र रकाना हवा, त्याला दर हवा आणि त्या दरावर निविदेत स्पर्धा नको. वर चढण्याची, सुटकेचा दोर लावण्याची, वारा-पाऊस आला तर थांबण्याची वेळ क्लॅम्पसारखी मोजून द्यावी. हे मोबाइल कंपन्यांनी करायचे आहे. साखळीच्या वरच्या टोकाला पैसा त्यांचा आहे.

गच्चीवरच्या टॉवरबाबत सोसायटीलाही हात झटकता येणार नाहीत. गच्चीची किल्ली सेक्रेटरीकडे असते. दोघांहून कमी माणसे आली, अंगभर हार्नेस नसला किंवा सुटकेचा दोर सोबत नसला तर किल्ली मिळणार नाही, एवढे एक कलम भाडेकरारात घालता येते. वकिलाला ते लिहायला दहा मिनिटे लागतील. भाडेवाढीच्या कलमासाठी किती बैठका झाल्या होत्या, ते सभासदांना आठवत असेलच.