छायाचित्र आणि हजेरीपत्रक

आमच्या विद्यार्थीदशेत छायाचित्र ही प्रसंगाची वस्तू होती. छत्तीस चित्रांचा रोळ संपावयास एक लग्न आणि एक बारसे लागे. शेतमजुराच्या घरी असलेच तर एखादे छायाचित्र, तेही स्टुडिओत ताठ बसून काढलेले. आज त्याच मजुराची मुलगी मोबाइलवर म्हशीचे वासरू, भजनाची बारी, मोर्चातील घोषणा टिपते आणि जगास दाखविते. आपले काही साथी यास चंगळवाद म्हणून मोकळे होतात. मला ते मान्य नाही. आपले चित्र आपण काढणे ही लहान गोष्ट नव्हे.

प्रश्न मालकीचा आहे. एप्रिल २०१२मध्ये फेसबुकने इन्स्टाग्राम एक अब्ज डॉलरना घेण्याचे ठरविले, तेव्हा त्या कंपनीत अवघी १३ माणसे नोकरीस होती. चित्रे पुरविणारे कोट्यवधी लोक अर्थातच बिनपगारी!

परंतु याहून गंभीर गोष्ट रोजगार हमीच्या कामांवर घडली. महाराष्ट्राने १९७७च्या कायद्याने जो हक्क प्रथम मान्य केला, तो पुढे देशाचा झाला. त्या कामांवर, वैयक्तिक लाभाची कामे वगळता, १ जानेवारी २०२३पासून केंद्राने मजुरांची दिवसातून दोन छायाचित्रे सक्तीची केली. मजुरी ठरे खोदलेल्या मातीच्या मोजमापावर. छायाचित्राने माती मोजली जात नाही. सकाळीच खोदाई उरकलेल्या बाईने दुसऱ्या चित्रासाठी उन्हात थांबावे किंवा घरून पुन्हा यावे, हा कोणता हिशेब? रेंजअभावी हजेरी बुडाल्याच्या तक्रारी घेऊन मजूर त्याच वर्षी दिल्लीत धरणे धरून बसले होते. आणि भ्रष्टाचार थांबला काय? जुलै २०२५मध्ये खुद्द ग्रामविकास मंत्रालयानेच राज्यांना कळविले की, असंबद्ध चित्रे, इतकेच नव्हे तर चित्रांचीच चित्रे काढून पाठविली जात आहेत. उपाय काय, तर ग्रामपंचायतीत माणसांनी ती सारी तपासावीत! म्हणजे यंत्रावर विश्वास ठेवून पुन्हा कारकुनापाशीच आलो.

डिसेंबर २०२५मध्ये संसदेने त्या कायद्याच्या जागी दुसरा कायदा मंजूर केला आहे. त्याखालील कामांवर आपल्या कार्यकर्त्यांनी एवढे तरी मागावे: हजेरीपत्रक रोज कामावरच सर्वांदेखत मोठ्याने वाचले जावे, मोजमाप मजुरांसमोर व्हावे आणि या दोहोंचे चित्रण मजुरांनी स्वतःच्या फोनवर करून स्वतःपाशी ठेवावे.