शेवयांचे झाड



शेवया झाडाला लागतात असे कोणी सांगितले, तर आपली लहान पोरेसुद्धा हसतील. बन्सी गव्हाचा रवा काढून, मळून, उन्हाळ्यात शेवया वाळत घालताना त्यांनी आईला, आजीला पाहिलेले असते. पण १ एप्रिल १९५७ रोजी इंग्लंडमधली चांगली शिकलेली माणसे याच गोष्टीला फसली.

त्या संध्याकाळी बी.बी.सी.च्या 'पॅनोरमा' या वजनदार टेलिव्हिजन कार्यक्रमात सुमारे तीन मिनिटांची फिल्म दाखवली गेली. स्वित्झर्लंडच्या तिचिनो भागातल्या बाया झाडांवरून स्पॅगेटी, म्हणजे तिकडची लांब शेवई, काढून टोपल्यांत भरताहेत आणि उन्हात वाळवताहेत! कॅमेरामन चार्ल्स द येगर यांना खर्चाला मिळाले होते अवघे १०० पौंड. शेवया फांद्यांवर टांगल्या, की पीक तयार.

खरी करामत होती निवेदक रिचर्ड डिंबलबी यांची. १९५३ साली राणी एलिझाबेथच्या राज्याभिषेकाचे वर्णन टेलिव्हिजनवर त्यांनीच केले होते. त्याच भारदस्त आवाजात, जराही न हसता, ते सांगत होते की यंदा हिवाळा सौम्य गेला, शेवयांवरचा सोंडकिडा नाहीसा झाला, म्हणून पीक भरघोस आहे. मार्चअखेरच्या कडाक्याने चव बिघडण्याची धास्ती असते. सगळ्या शेवया सारख्या लांबीच्या का? तर वाण सुधारणाऱ्यांनी वर्षानुवर्षे खपून तसे वाण काढले म्हणून!

कार्यक्रम संपवताना त्यांनी पहिल्या एप्रिलचा उल्लेखही केला. तरी असे झाड कसे लावायचे, हे विचारणारे फोन आलेच.

का फसले लोक? त्या काळी बहुतेकांनी स्पॅगेटी फक्त डब्यातली पाहिलेली, ती कशी बनते ते ठाऊक नव्हते. त्यात सांगणारा विश्वासाचा. आणि कीड, थंडी, वाण ही भाषा खऱ्या शेतीची. खोटे होते ते फक्त झाड.

आपल्याकडचा बहुरूपीही पोलिसाचे सोंग घेऊन मख्ख चेहऱ्याने दारात दरडावतो, पण शेवटी हात जोडून सोंग उतरवतो. डिंबलबींनीही तारीख सांगून तेच केले. मात्र मोबाइलवरच्या फिल्मीत 'एकरी दुप्पट उतारा' देणारे बियाणे तितक्याच गंभीरपणे विकणारा सोंग उतरवत नाही. ते आपल्यालाच उतरवावे लागते.

म्हणून सांगणाऱ्याचा चेहरा पाहू नका, पिशवी पाहा. लेबल, लॉट नंबर, पक्के बिल मागा. पेरणीआधी १०० दाणे ओल्या गोणपाटात गुंडाळून उगवण मोजा. सोयाबीनचे किमान ७० दाणे उगवलेच पाहिजेत. नवे वाण असेल तर कृषी विद्यापीठाकडे चौकशी करा आणि पहिल्या वर्षी चार ओळीच लावून बघा.

गोणपाटातला दाणा कोणाच्या भारदस्त आवाजाला भुलत नाही.