१८५३चा कायदा आणि २०१५ची माघार

१/ #थ्रेड
“भारतातील पहिला प्रदूषणविरोधी कायदा इंग्रजांनी १८५३ मध्ये मुंबईत केला,” हे विधान अनेक टिपणांतून आणि व्याख्यानांतून फिरत असते. ते अर्धसत्य आहे. इंग्रजांना नको ते श्रेय देताना महाराष्ट्राने स्वतः काय केले आणि पुढे काय पुसून टाकले, याचा मात्र विसर पडतो.

२/
त्या कायद्याचे नाव ‘शोअर न्यूसन्सेस (बॉम्बे अँड कोलाबा) ॲक्ट’. मुंबई व कुलाबा बेटांच्या किनाऱ्यावर, भरतीरेषेखालचे उपद्रव आणि अतिक्रमणे हटविण्याचा अधिकार त्याने कलेक्टरला दिला. चिंता होती ती बंदरातील जहाजांच्या निर्धोक वाहतुकीची. कारखान्यांच्या सांडपाण्याचा तेथे प्रश्नच नव्हता. कावसजी दावर यांनी मुंबईतील पहिल्या कापडगिरणीसाठी कंपनी स्थापन केली ती १८५४ मध्ये. सूत निघाले १८५६ मध्ये!

३/
१८६०च्या भारतीय दंड संहितेत कलम २७७ आले. सार्वजनिक झऱ्याचे किंवा जलाशयाचे पाणी जाणूनबुजून घाण करणाऱ्यास तीन महिन्यांपर्यंत कैद अथवा ५०० रुपयांपर्यंत दंड. कलमात ‘नदी’ हा शब्द नाही. वाहती नदी म्हणजे ‘सार्वजनिक झरा’ नव्हे, असा अर्थ कलकत्ता उच्च न्यायालयाने एकोणिसाव्या शतकातच लावला. गावतळे नासवणारा गुन्हेगार ठरे. नदी नासवणारा कारखाना या कलमाच्या कक्षेबाहेर राही.

४/
श्रेय द्यायचेच तर ते महाराष्ट्र विधिमंडळाला द्यावे. केंद्राचा जल अधिनियम १९७४चा; महाराष्ट्राने जलप्रदूषण प्रतिबंधक कायदा १९६९ मध्येच केला होता. आजचे राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळ ७ सप्टेंबर १९७० रोजी त्याच कायद्याखाली स्थापन झाले. केंद्राचा अधिनियम राज्यात लागू झाला तो थेट १९८१ मध्ये.

५/
तोवर औद्योगिक वसाहती नद्यांकाठी वसू लागल्या होत्या. महाड सावित्रीजवळ, लोटे वाशिष्ठीच्या खोऱ्यात. पाताळगंगा वसाहतीने तर नदीचे नावच घेतले. कारखान्याला पाणी घ्यायला नदी लागते आणि सोडायलाही.

६/
म्हणून २००० सालचे ‘नदी नियमन क्षेत्र’ धोरण महत्त्वाचे. राज्याने नद्यांच्या पट्ट्यांचे अ-१ ते अ-४ असे वर्ग पाडले आणि प्रत्येकासाठी काठापासूनचे अंतर ठरवले. अ-१ म्हणजे केवळ निर्जंतुक करून पिता येईल असे पाणी. तेथे काठापासून ३ किलोमीटरपर्यंत उद्योगच नाही. ३ ते ८ किलोमीटरच्या पट्ट्यात केवळ कमी प्रदूषण करणारे, तेही प्रदूषण नियंत्रणाच्या साधनांसह.

७/
२००९ मध्ये त्यात बदल झाले. फेब्रुवारी २०१५ मध्ये संपूर्ण धोरणच रद्द झाले. उद्योगांना चालना हा हेतू. आणि जल अधिनियमासारखे कायदे पुरेसे आहेत, हे समर्थन.

८/
पुरेसे? जल अधिनियमाचे कलम २१ वाचावे. सांडपाण्याचा नमुना पुरावा म्हणून टिकायचा तर तो नमुना घेणाऱ्याने कारखानदाराला तशी सूचना द्यायची, नमुन्याचे दोन भाग करायचे, ते मोहोरबंद करायचे आणि मग प्रयोगशाळेकडे पाठवायचे. आरोपीवर अन्याय होऊ नये यासाठी हे योग्यच आहे. पण रात्री पावसाच्या आडोशाने सोडलेले रसायन या सोपस्कारांसाठी थांबत नाही. सकाळपर्यंत ते खाली निघून गेलेले असते.

९/
अंतराच्या नियमाला नमुना लागत नाही. कारखाना काठापासून किती दूर आहे, हे नकाशावर कोणालाही मोजता येते, आणि ते बांधकामापूर्वीच. विष पात्रात गेल्यानंतर दोषी शोधणे आणि विषाला पात्रापासून दूर ठेवणे ही दोन वेगळी कामे आहेत. २०१५च्या निर्णयाने पहिल्याकडे बोट दाखवून दुसरे मोडीत काढले. (धोरणात उणिवा होत्या, त्या २००९ प्रमाणे दुरुस्त करता आल्या असत्या.)

१०/
“असा नियम इतर राज्यांत कुठे आहे?” असेही विचारले जाते. १९६९ मध्ये खुद्द केंद्राकडेही जलप्रदूषणाचा कायदा नव्हता. तेव्हाच्या विधिमंडळाने तो येण्याची वाट पाहिली नाही.

११/
आणि कलम २७७? १ जुलै २०२४ पासून त्याची जागा भारतीय न्याय संहितेच्या कलम २७९ने घेतली. कैद सहा महिन्यांपर्यंत वाढली, दंड ५,००० रुपयांपर्यंत. झरा आणि जलाशय हे शब्द मात्र कायम आहेत. नदी अजूनही आलेली नाही.