काष्ट्याला पेटंट द्या, खिशाला नको

समजा, देवासच्या एका शिंप्याने शिवलेल्या नऊवारीत दोन सुधारणा केल्या. निऱ्यांच्या आड मोबाइल मावेल असा खिसा बसवला आणि आसनाची शिवण अशी घातली की मांडी घातली तरी काष्टा ताणत नाही. पवारांच्या थोरल्या-धाकट्या पातीच्या या गावात चैत्रातल्या हळदीकुंकवाला नऊवारी अजून निघते, तेव्हा गिऱ्हाईक मिळणारच. शेजारच्या दुकानाने नक्कल करू नये म्हणून त्याला पेटंट हवे आहे. मध्य प्रदेशचे अर्ज मुंबईच्या पेटंट कार्यालयात जातात. तिथे त्याला काय उत्तर मिळावे?

काही जण म्हणतील, कपड्यात कसला आलाय शोध? याला इतिहासच उत्तर देतो. अमेरिकेत मार्क ट्वेनला 1871 मध्ये कपड्यांच्या कमी-जास्त करता येणाऱ्या पट्ट्याचे पेटंट मिळाले. नेवाडातला शिंपी जेकब डेव्हिस घोड्यांच्या पांघरुणांवर तांब्याचे रिव्हेट ठोकायचा. तेच त्याने मजुरांच्या पँटच्या खिशांच्या कोपऱ्यांवर ठोकले आणि 20 मे 1873 रोजी लेव्ही स्ट्रॉससह पेटंट मिळवले.

दुसरा आक्षेप जास्त फसवा आहे: "एवढंसं तर कुणालाही सुचलं असतं." उत्तर हातात आल्यावर प्रत्येक कोडे सोपेच वाटते. आपला 1970 चा पेटंट कायदा बदलाचा आकार मोजत नाही. आधीच्या ज्ञानाच्या पुढची तांत्रिक प्रगती किंवा आर्थिक महत्त्व, यांपैकी एक तरी असावे आणि त्या कामातल्या जाणकाराला ती गोष्ट उघड वाटू नये, एवढेच तो मागतो.

मात्र अर्जदाराची बाजू घेणारेही एक चूक करतात. "धडाधड खपतंय, म्हणजे शोधच," असे त्यांना वाटते. खपाने आर्थिक महत्त्व दिसेल. जाणकाराची कसोटी तरीही उरतेच. मिर्झापूरच्या भांडी कारखानदारांच्या खटल्यात लेथवर भांडे घट्ट धरण्याच्या युक्तीचे पेटंट होते. सर्वोच्च न्यायालयाने 1978 मध्ये ते रद्द ठरवले, कारण नुसत्या कारखानी सुधारणेला पेटंट मिळत नाही.

आता हीच कसोटी आपल्या शिंप्याला लावू. खिसाही जुना, नऊवारीही जुनी. जवळ आणल्या तरी दोन्ही आपापले जुनेच काम करतात. अशी नुसती जुळवाजुळव कलम 3(एफ)मध्ये बाद होते. काष्ट्याचे तसे नाही. आसनात उरेब पट्टी घातली की सैलपणा येतो, हे कुठलाही कारागीर सांगेल. तेवढ्यावर हक्क नाही. पण पट्टी घातली की निऱ्या मोडतात म्हणून सगळे तिथेच थबकले असतील आणि याने निऱ्या जागेवर ठेवून काष्टा सैल केला असेल, तर तो शोध आहे. मग बदल चार टाक्यांचा का असेना, 20 वर्षांचा हक्क त्याला मिळायलाच हवा. फक्त रूप नवे असेल, तर डिझाइन नोंदणी आहेच: 10 वर्षे, आणि मुदतवाढ घेतली तर आणखी 5.

शिंप्याने मात्र एक पथ्य पाळावे: आधी अर्ज, मग विक्री. हळदीकुंकवाला साडी विकून बसला, तर तिचे नवेपणच जाईल. आणि अर्ज तपासणाऱ्याने टाके मोजू नयेत. इतके कारागीर आजवर तिथे का अडले, हे विचारावे.